पोट फुगलेले बारा निळे कॅन

मी तीन दिवस धरणातल्या बेटावर राहून आले असं कंपनीत सांगितलं, तेव्हा बायकांचा पहिला प्रश्न होता, "तिथं संडास होता का?" आणि दुसरा, "मासे किती खाल्ले?" दोन्ही उत्तरं पुढे येतीलच. पण मधे जे घडलं ते डब्याच्या सुट्टीत सांगून होण्यासारखं नव्हतं, म्हणून लिहायला बसले. माझी शाळा सातवीत सुटली. लिहायला बसलं की हात अजून बाईंच्या पट्टीची वाट बघतो. सांभाळून घ्या.

ज्यांच्याबद्दल लिहिलंय त्यांची नावं बदलली आहेत. लिहिलेलं सगळं त्यांना फोनवर वाचून दाखवलं. कोणी हरकत घेतली नाही. फक्त म्हातारी म्हणाली, "माझं वय कमी लिव."

शुक्रवार : मसाट ते पाणी

मी शहाद्याकडची. मुलगी तिकडे माझ्या आईजवळ शिकते आणि मी इकडे सिल्वासाला, मसाटच्या एका कंपनीत प्लॅस्टिकचे कॅन बनतात त्या लाइनवर उभी असते. आठ महिने झाले. लाइनवरचं सगळं मला चंपाने शिकवलं. चंपा वारली समाजाची, माझ्यापेक्षा पंधरा वर्षांनी लहान, आणि माझ्या भीतीला हसणारी. मी मशीनला भिते, सुपरवायझरला भिते, पगाराच्या दिवशी पगार होईल का म्हणून भिते. ती म्हणते, "इंदूताई, तू वाघाच्या आधी त्याच्या सावलीला घाबरतेस."

तिची रविवारी बोलणी होती. आपल्याकडे साखरपुडा म्हणतात तसलंच, पण साखर नाही आणि पुडाही नाही. मुलगा राखोलीचा, दुसऱ्या कंपनीत हेल्पर. चंपा बुधवारीच घरी गेली. कंपनीत मेंटेनन्सची सुट्टी पडली म्हणून मीही जायचं ठरवलं.

रिकाम्या हाताने कसं जायचं? चंपा नेहमी सांगायची, आमच्या बेटावर जाळ्याला तरंगायला रिकामे कॅन बांधतात. आमच्याकडे रिजेक्ट कॅन पडलेले होतेच. एका बाजूने पोट फुगलेले, पण पाण्यावर तरंगायला पोटाचं काय? सुपरवायझरने गेटपास करून दिला. मी सुतळीने बारा कॅन माळेसारखे ओवले.

हे कॅन फुगले कसे, तेही आताच सांगून टाकते. साच्याला गार करणारा पाण्याचा कॉक चहानंतर मी उघडायचा असतो. त्या दिवशी मी विसरले. पाऊणशे कॅन वाया गेले आणि बोल लागला मशीन चालवणाऱ्या रामसुरतला. त्याला भट्टीजवळच्या मशीनवर टाकलं, जिथं दुपारी उभं राहवत नाही. मी तोंड उघडलं नाही. नोकरी गेली तर मुलीचं काय, एवढंच डोक्यात. तीन आठवडे मी रामसुरतच्या समोरून जाताना छताकडे बघत होते.

सिल्वासाहून खानवेलपर्यंत इको गाडीत नऊ जण आणि टपावर माझे कॅन. पुढच्या वळणावळणाच्या रस्त्यात माझ्या शेजारची बाई दोनदा ओकली आणि दोन्ही वेळा माझीच माफी मागितली. दुधनीला उतरले तर समोर पाणीच पाणी. आमच्या शहाद्याकडे मे महिन्यात टँकरच्या मागे बायका पळतात आणि इथं डोंगर कंबरेपर्यंत पाण्यात उभे! पाहुण्यांना फिरवणाऱ्या पडदे लावलेल्या नावा एका बाजूला होत्या. आमची होडी दुसऱ्या बाजूला, पडदा नाही, तळाशी चार बोटं पाणी आणि ते उपसायला एक तुटका डबा. होडीवाला गोविंद गप्पिष्ट. मी कुठली, पगार किती, नवरा का नाही आला, सगळं त्याने होडी सोडायच्या आधीच विचारलं.

मग त्याची नजर कॅनच्या माळेवर गेली.

"हे कोणाकडं?"

"देवजीभाऊंकडं. चंपाच्या वडलांकडं."

"बरं," तो म्हणाला, आणि पुढचा पाऊण तास एक शब्द बोलला नाही. मला वाटलं, भाडं कमी दिलं की काय.

पाणी उतरलेलं होतं. टेकड्यांना खाली लाल मातीचा पट्टा उघडा पडलेला, जसा लुगड्याचा काठ. मधेच पाण्यातून वाळलेल्या सागाचे शेंडे वर आलेले, त्यावर काळे पक्षी पंख पसरून बसलेले. आणि सगळीकडे कॅन. पांढरे, पिवळे, लाल, निळे, रांगोळीच्या ठिपक्यांसारखे. मी म्हटलं, किती सुंदर! गोविंद दुसरीकडे बघत राहिला.

बेट म्हणजे एका टेकडीचं डोकं. वर अठरा घरं, कुडाच्या भिंती, काहींवर सोलरचे दिवे. उतरताना माझा पाय चिखलात रुतला, पाय आला पण चप्पल आली नाही. एका पायात चप्पल, गळ्यात बारा कॅन, अशी मी वर चढले. काठावर दहा-बारा माणसं उभी होती. मी हसून हात जोडले. कोणी हसलं नाही. सगळे कॅनकडे बघत होते.

देवजीभाऊ पुढे आले, माळ उतरवून घेतली, आणि त्यावर गोणपाट टाकलं.

चंपाने मला घरात ओढलं. "ताई, निळा आणलास?"

"अगं, रिजेक्ट निळेच होते!"

"निळा लखमाकाकांचा!"

मग कळलं. धरण भरलं तेव्हा या लोकांची शेतं खाली गेली. पण हिशोब अजून शेताचाच. ज्याचं शेत जिथं बुडालं, तिथलं वरचं पाणी त्याचं. त्याच पाण्यात त्याने जाळं टाकायचं. बांध दिसत नाही, पण ताडाचं अमकं झाड आणि पलीकडच्या टेकडीचा तमका दगड एका रेषेत आला की तिथं हद्द. आणि कोणाचं जाळं कुठलं हे लांबून कळावं म्हणून घराघराचा कॅनचा रंग ठरलेला. देवजीभाऊंचा पांढरा. निळा त्यांच्या थोरल्या भावाचा, लखमाकाकांचा. दोघांचं पाणी एकमेकांना लागून, आणि दोघांमधे नऊ वर्षं अबोला.

"आता पाड्यात म्हणतील, बाबा निळे कॅन बांधून काकांच्या पाण्यात घुसणार," चंपा म्हणाली. "ताई, परवा काका आले नाहीत तर?"

इथली रीत अशी, की बोलणीच्या वेळी मुलीच्या थोरल्या काकाने समोर बसून एक सवाल विचारायचा. तो विचारल्याशिवाय ताडी ओतली जात नाही आणि ताडी ओतल्याशिवाय बोलणी होत नाही. गेल्या वर्षी चंपाला एक स्थळ आलं होतं. काका आले नाहीत. पाहुणे जेवले, होडीत बसले आणि गेले ते गेलेच.

"यंदा काकांना बोलावलंय ना?"

"बाबा म्हणतात, यायचं तर येईल. काका म्हणतात, बोलावलं तर जाईन."

आमच्या खानदेशात भांडण झालं की तिसऱ्या गल्लीतल्या म्हशीला कळतं. इथं अठरा घरांत सगळ्यांना सगळं ठाऊक आणि कोणाच्या तोंडून शब्द नाही. त्या संध्याकाळी नागलीची भाकर आणि कैरी घातलेली मरळ खाल्ली. इतकी चविष्ट मासळी मी जन्मात खाल्ली नव्हती, आणि एकही घास नीट उतरला नाही. माझ्यामुळे पोरीचं लग्न मोडतंय असं वाटत होतं.

शनिवार : गवत वाढलेली वाट

सकाळी देवजीभाऊंची आई मासे साफ करत होती. बुधीबाय तिचं नाव. वय तिच्या सांगण्यानुसार "कमी". समोर विळी आणि तिच्या हाताला अशी गती, की मासा उताणा झाला कधी आणि खवले उडाले कधी ते कळत नव्हतं. मीही बसले. मला खवले काढता येत नाहीत. माझ्या हातातून मासा दोनदा सटकून कोंबडीसमोर पडला.

"तू कॅनवाली नं?" ती म्हणाली.

"हो. माझं चुकलं, आजी. मला माहीत नव्हतं."

तिने हात थांबवला. आजूबाजूला बघितलं. देवजीभाऊ खाली पाण्यावर, चंपा झऱ्यावर गेलेली. एवढं पाणी चारी बाजूंनी, पण प्यायला काठालगत उकरलेल्या झऱ्याचंच. आपल्यासारखीच हंड्यांची रांग. ते बघून मला उगाच बरं वाटलं होतं.

"जाळं म्या कापलं," बुधीबाय म्हणाली.

मला आधी वाटलं, आजचं एखादं जाळं. मग ती सांगत गेली. गाव बुडालं तेव्हा वाघदेवाचा दगडही तिथंच खाली राहिला, दोघा भावांच्या शेतांमधल्या उंबराखाली. त्याच्या वरच्या पाण्यात कोणी जाळं टाकत नाही. नऊ वर्षांपूर्वी मासळी मिळेना, तर देवजीभाऊंनी तिथंच टाकलं. म्हातारीने ते पाहिलं. पाड्याला कळलं असतं तर देवजीला सगळ्यांसमोर मान खाली घालावी लागली असती. ती एकटी तराफ्यावर गेली, दोर कापले आणि जाळं ओढून काठावर आणून ठेवलं. देवजीभाऊ आले, कापलेला दोर पाहिला. आदल्याच दिवशी हद्दीवरून थोरल्याशी बाचाबाची झालेली. ते तडक लखमाकाकांच्या दारात गेले आणि नको ते बोलले.

"मग तुम्ही तेव्हाच का नाही सांगितलं?"

"सांगणार होते. पण त्याच्या तोंडातून शब्द गेले होते. मग म्या म्हणलं, उद्या सांगीन." तिने पुन्हा मासा उचलला. "तू कोणाला बोलू नको, बाय."

आता माझी अवस्था बघा. मी स्वतःचंच एक गुपित घेऊन आलेली, त्यात हे दुसरं. दुपारपर्यंत माझं डोकं दुखायला लागलं. शेवटी मी विचार केला, आजीची गोष्ट आजीची, पण कॅनची चूक तर माझी आहे! ती तरी मी निस्तरू शकते. देवजीभाऊ झोपले होते. मी गोणपाट काढलं, माळ गळ्यात घातली, चंपाच्या चपला पायात सरकवल्या आणि निघाले.

दोन घरांमधे शंभर पावलंही नसतील. पण त्या वाटेवर गुडघ्याएवढं वाळकं गवत होतं, कुसळं साडीला लागत होती. बाकी सगळ्या वाटा चालून चालून तुळतुळीत, हीच एक अशी. मागून कोणीतरी "अगं ए!" म्हणालं. मी वळले नाही, वळले असते तर परतच गेले असते.

लखमाकाका ओट्यावर जाळं विणत बसले होते. बारीक माणूस, डोळ्यांना जाड चष्मा. मी माळ खाली ठेवली.

"कोणी धाडलं?"

"कोणीच नाही." मी माळ त्यांच्याकडे सरकवली. "मी आणले. मला रंगाचं ठाऊक नव्हतं. देवजीभाऊंच्या मनात काही नाही. चूक माझी आहे. रंग तुमचा आहे तर तुम्हीच ठेवा."

त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. "काय म्हणलीस?"

"चूक माझी आहे."

ते इतके हसले, की आतून काकू बाहेर आली. "ऐकलं का? नऊ वर्सांत या बेटावर 'माझी चूक' म्हणणारं माणूस पैलं आलं! आणि ते पण बाहेरून आणावं लागलं!"

काकूने बिनदुधाचा चहा दिला. काकांनी एक कॅन फिरवून बघितला. "याचं पोट का फुगलं?"

आणि मी सांगून टाकलं. कॉक, पाणी, पाऊणशे कॅन, रामसुरत, सगळं. पहिल्यांदाच. सिल्वासात ज्याच्याशी बोलायला हवं होतं त्याला सोडून, धरणातल्या एका बेटावरच्या म्हाताऱ्याला.

"त्या भैयाला म्हाईत नाय?"

"नाही."

"नाय हे तुला कसं म्हाईत?"

मी चहाचा घोट घेतला. ते जाळ्याची गाठ ओढत म्हणाले, "माझ्या भावाचं जाळं कापलं, ऐकलंच असशील. त्याने बोभाटा केला, मी बघाय गेलो. दोर कापलेला, पण जाळं काठावर घडी घालून ठेवलेलं, लुगड्यासारखं. वैरी कधी जाळ्याची घडी घालून ठेवतो का, बाय?"

मी कपाकडे बघत राहिले. माझं तोंड आपोआप बोलेल अशी भीती वाटत होती.

"तशी घडी आमच्या घरात एकच माणूस घालतो. म्या तवाच वळखलं. मग कोणाचं नाव घेऊ? आईसचं? सगळ्या पाड्यासमोर?" त्यांनी सुई परत उचलली. "तिला वाटतं, कोणाला ठाऊक नाय. ऱ्हाऊ दे तसंच."

म्हणजे आई थोरल्यापासून लपवते आणि थोरला आईपासून लपवतो की त्याला माहीत आहे! आणि मधे धाकटा, नऊ वर्षं रागावलेला, एकट्यालाच काही ठाऊक नाही. आणि आता हे सगळं माझ्या पोटात. त्या कॅनसारखंच माझंही पोट फुगेल असं वाटायला लागलं.

उठताना धीर केला. "काका, उद्या याल ना?"

"बोलावणं नाय."

"मी बोलावते."

"तू कोण?"

"चंपाची कंपनीतली ताई."

"अरे बापरे! कंपनीचं बोलावणं!" ते म्हणाले. येतो म्हणाले नाहीत, येत नाही असंही म्हणाले नाहीत. त्या रात्री चंपा कुशीवर कूस बदलत होती आणि मी तिला काही सांगू शकत नव्हते.

रविवार : तिसरा सवाल

राखोलीचे पाहुणे दोन होड्यांतून आले. मुलगा सरळ होता, सारखा केस चाचपत होता. अंगणात चटया, मधे ताडीचं मडकं, पानांचे द्रोण. देवजीभाऊंच्या उजव्या हाताची एक चटई रिकामी. सगळे बोलत होते पाण्याबद्दल, कंपन्यांबद्दल, पण डोळे त्या चटईवर. चंपा दाराआड उभी, माझा हात धरलेला. तिची नखं मला लागत होती.

मग गवतातून पावलांचा आवाज आला. लखमाकाका आले. धुतलेलं धोतर, कुसळं लागलेली. देवजीभाऊ मडक्याकडे बघत राहिले. काका रिकाम्या चटईवर बसले, घसा खाकरला आणि रीतीचा सवाल विचारला.

"घरात कोणाच्या मनात काय ठेवलंय का? आताच बोला, मागून नको."

याला सगळ्यांनी "काय नाय" म्हणायचं असतं. सगळे म्हणाले. दुसऱ्यांदा विचारलं, पुन्हा "काय नाय." चंपाची पकड सैल झाली. तिसऱ्यांदा विचारलं.

"हाय," कोपऱ्यातून बुधीबाय म्हणाली. "जाळं म्या कापलं."

देवजीभाऊंनी आईकडे बघितलं, मग भावाकडे.

"म्हाईत हाय, आई," लखमाकाका म्हणाले.

म्हातारीचं तोंड उघडंच राहिलं. "तुला म्हाईत?"

"तुझी घडी मला नाय कळत?"

"आणि मला कोणी का नाय सांगलं?" देवजीभाऊ जवळजवळ ओरडलेच. "नऊ वर्सं! मला का नाय सांगलं?"

"तू इचारलंस कवा?" बुधीबाय म्हणाली. "तू तर आल्या आल्या सांगायलाच लागलास!"

कोणीतरी फिसकन हसलं. आणि मुलाचा बाप, भला माणूस, हात वर करून म्हणाला, "आता बोलायचंच ठरलंय तर आमच्याकडून पण एक सांगतो. पोरगा झोपेत घोरतो."

सगळं अंगण हसलं. मुलगा लाल झाला. चंपा दाराआडून म्हणाली, "चालेल!" आणि तीही लाल झाली.

देवजीभाऊ हसले नाहीत. त्यांनी द्रोण भरला, उठले आणि थोरल्यासमोर धरून उभे राहिले. द्रोण काठोकाठ भरलेला, ताडी सांडत होती.

"इकडं दे," लखमाकाका म्हणाले. "सगळी सांडशील. म्या काय नवरी हाय लाजायला?"

त्यांनी थोडी जमिनीवर ओतली, बाकीची प्यायले. बोलणी झाली. मी आत जाऊन चुलीपाशी रडून घेतलं, आणि मग चार तुकडे मासे खाल्ले. बायकांनो, तुमचा हिशोब चुकता झाला. आणि संडास होता, पत्र्याचा, दाराला कडी नव्हती; आत असताना गाणं म्हणायचं.

सोमवार : परत

परतताना गोविंदचं तोंड मिटत नव्हतं. येताना धरून ठेवलेलं सगळं त्याने जाताना सोडलं. लखमाकाकांच्या पाण्याजवळ आल्यावर त्याने वल्हं थांबवलं. जाळ्यावर माझे निळे कॅन तरंगत होते, बाराही, फुगलेलं पोट वर करून, उन्हात पडलेल्या म्हशींसारखे. पलीकडे देवजीभाऊंचे पांढरे. मधे एक मोकळा पट्टा, वाघदेवाचा. तिथं काहीच नव्हतं, नुसतं पाणी.

मंगळवारी कंपनीत गेले ती आधी सुपरवायझरकडे. सगळं सांगितलं. त्यांनी दहा मिनिटं झापलं, हिंदीत आणि गुजरातीत, मग म्हणाले, रामसुरतला परत जागेवर घेतो, आणि यापुढे कॉकवर तुझं लक्ष पाहिजे. नोकरी राहिली. एवढ्यासाठी मी तीन आठवडे झोपले नव्हते!

मग रामसुरतकडे गेले. हातात बेटावरून आणलेल्या सुक्या मासळीचं पुडकं होतं.

"भैया, वो कॉक मैं भूली थी। गलती मेरी थी।"

"मालूम था, दीदी," तो म्हणाला.

"कैसे?"

"आपका हाथ पोंछने का कपड़ा कॉक पर टँगा रहता है। कॉक चले तो टपकता है, कपड़ा भीगता है। उस दिन सूखा था।"

"तो बोले क्यों नहीं?"

त्याने खांदे उडवले. "आपकी नौकरी नई थी।" मग पुडकं हुंगलं. "इसमें काँटा बहुत है क्या?"

"बहुत है," मी म्हटलं. "देख के खाना।"